चौथं शील आणि लिंबोणी

दिग्रस,
दि. १६ फेब्रुवारी २०२५

ती. नलूताईस,
सविनय जयभीम. वि. वि.

मागच्या सोमवारी सकाळी मी वंदना अर्ध्यावर सोडून उठलो. तीन शीलं म्हटली. खोटं न बोलण्याचं चौथं आलं तसा उगाच खाकरलो आणि साधनाला म्हटलं की उशीर होतोय. उशीर नव्हता. अकरा वाजता कोर्टात शपथपत्रावर सही करायची होती.

आपल्या घराला लागून लेआउटची, सगळ्यांसाठी मोकळी सोडलेली ओपन स्पेस आहे, तुला ठाऊक आहे. तिथली आपली लिंबोणी शेळ्या खातात म्हणून मी आधी तारेचं कुंपण केलं. मग दहा फूट आत घेऊन भिंत बांधली, मग त्या दहा फुटांवर टिनाचं शेड टाकलं. समोरची बसंतीबाई आणि इतर बंजारा बाया तिथे तीजेच्या सणाला फेर धरत. मागच्या तीजेला त्यांनी तो रस्त्यावर धरला, मोटारसायकली चुकवत. त्यानंतर बसंतीबाईने दावा टाकला.

मी लिहून दिलं की ती लिंबोणी लेआउट पडण्याआधी बाबांनी लावली, म्हणजे जागा पूर्वीपासून आमच्याच ताब्यात. बाहेर बसंतीबाई भेटली. वाटलं, भांडेल. ती म्हणाली की भाऊ, पह्यले दोन उन्हाळे मीच पाणी टाकलं तिले असं मले वाटत होतं. पण तुम्ही रोज वंदना करणारे, तुम्ही म्हणता तर माह्यंच चुकत असंन.

तेव्हापासून तिकडची खिडकी उघडवत नाही. तरीही वकिलांनी १० मार्चला साक्षीदार म्हणून तुझं नाव दिलं, तर मी नाही म्हटलं नाही. बाबांना झाड लावताना पाहिलं, एवढंच तू सांगायचं. फोनवर हे बोलवेना, म्हणून लिहितो. भाऊजींना जयभीम.

तुझा,
श्रावण


बाभुळगाव,
दि. २१ फेब्रुवारी

चि. श्रावणास,
जयभीम व आशीर्वाद.

पोस्टमन आला तेव्हा वाटलं, कोणाची पत्रिका आली. इकडे सर्व खुशाल. तुझ्या भाऊजींचा गुडघा कुरकुरतो, तोंड त्याहून जास्त.

आता ऐक. ती लिंबोणी मी आणली. २०१७ साली, डालड्याच्या डब्यात, दिग्रसपर्यंत मांडीवर धरून. यवतमाळहून बसले तेव्हा कंडक्टरने विचारलं होतं की या बाळाचं अर्धं तिकीट फाडू का. ऐकून तू किती हसला होतास! बाबांना जाऊन तेव्हा सात वर्षं झाली होती. दहा फुटांसाठी तू गेलेल्या माणसाच्या हातून झाड लावून घेतलंस रे. ज्यांनी उंबऱ्यात बसवून आपल्याकडून शीलं पाठ करून घेतली, त्यांच्या हातून.

साक्षीला मी येईन. पण मले जे ठाऊक आहे तेच बोलीन. मग तुले कायले बोलावलं, असं म्हणू नको. आणि बायकोला हे सांगितलंस का? लहानपणी खोटं बोललास की तुझे कान लाल होत. अजूनही होत असतील.

रागावले तरी तुझीच आहे, हे धरून चाल.

नलूताई


दिग्रस,
दि. ९ मार्च

ती. नलूताईस,
सविनय जयभीम. वि. वि.

तुझं पत्र साधनाला वाचायला दिलं. तिने वाचून घडी घातली आणि दोन दिवस माझ्याशी कामापुरतंच बोलली.

सोमवारी वकिलांकडे गेलो. ते म्हणाले, आधीची शपथ खोटी होती असं लिहून दिलं तर दावा हराल, वर खोट्या शपथेचा गुन्हाही लागू शकतो. मी म्हटलं, लिहा. झाड २०१७ चं, बहिणीने आणलेलं. भिंत माझी, जागा सगळ्यांची. त्यावर सही केली. कोर्ट काय म्हणतं ते उद्या कळेल. तुझ्या साक्षीची आता गरज नाही, तरी पुढच्या तारखेला आलीस तर मला धीर येईल.

नंतर बसंतीबाईच्या दारात जाऊन सगळं सांगितलं. ती म्हणाली की भाऊ, मी माह्या डोयांवर शक घेतला, तुमच्यावर नाही घेतला. चहाला विचारलं नाही. एरवी ती कोणाला तसं जाऊ देत नाही.

आज सकाळी वंदना केली. चौथ्या शीलाला आवाज बारीक झाला, पण थांबलो नाही. मग भिंत पाडायला सब्बल घेतली. शेड कालच उतरवलं होतं. दुपारी दोनपर्यंत भिंत जमिनीला मिळवली, विटा आपल्या अंगणात रचल्या. समोरच्या दारातून बसंतीबाई पाहत होती. मी मान वर केली नाही. लिंबोणी तिथेच आहे, कुंपणाशिवाय. शेळ्यांनी खाल्ली तर खाल्ली.

तुझी माया आहे तेवढीच राहू दे. जास्तीची मागायला तोंड नाही.

तुझा धाकटा,
श्रावण