सोमवारी माझा वर्ग आहे

अहो,

रविवारी तुम्ही मला कायमचं न्यायला येताय आणि मी अजून एकही बॅग भरलेली नाही. उठते, कपाट उघडते, पुन्हा लावते.

तुम्ही नोकरीसाठी तिकडे गेल्यावर मी वाचनालयातल्या कॉम्प्युटरच्या वर्गाला जाऊ लागले. तुम्हाला बोलले नाही. 'या वयात कसलं खूळ' म्हणाला असतात. सुरुवातीला माऊस हलवला की बाण कुठल्या कुठे पळायचा. हळूहळू हात बसला. शिकवणाऱ्या बाई आजारी पडल्या, तेव्हापासून वर्ग मीच घेते.

वर्गात येणाऱ्या शिवणवाल्या काकूंनी मुलीच्या लग्नापासून तिच्याशी अबोला धरला होता. काल त्यांनी तिला स्वतः मेल लिहिली, पण पाठवायचं बटण काही दाबेनात.

"दाबा काकू, फार तर काय होईल?"

"पोचेल ना," त्या म्हणाल्या, "तीच तर भीती आहे."

आणि दाबलं. मग जागेवरून उठेचनात. उत्तराची वाट बघत बसून राहिल्या. मीही बसले.

हे पत्र मी पाठवणार नाही. वाचलंत की फोन कराल, गोड बोलून मला गुंडाळाल. त्यापेक्षा रविवारी समोर बसवून सांगेन, की मी येत नाही.

तुमचीच, पण इथली