झऱ्याच्या वावराचा मालक

२६ जून १९६२

म्युलेर गेला! सकाळी दोन मोटारी, एक ट्रक, सगळं खटलं सेतीफच्या रस्त्याने चालतं झालं. बाईने खिडक्यांचे पडदेसुद्धा काढून नेले. कुत्रा तेवढा मागे ठेवला. तो फाटकापाशी बसून राहिला आणि अख्खं ऐन झर्गा गाव त्याच्याकडे बघत उभं! हसावं की काय करावं, कुणाला कळेना. शेवटी शेजारची झहियामावशी म्हणाली, "अरे, त्याला कुणीतरी भाकरी घाला. त्या घरातला हा एकटाच इथला निघाला!" मग जे हसू फुटलं! पोटं दुखेपर्यंत हसलो.

बाबा हसले नाहीत. सासऱ्यांना हसताना मी, माझा नवरा मेझियान लढायला डोंगरात गेला तेव्हापासून पाहिलेलं नाही. ते काठी टेकत सरळ झऱ्याच्या वावरात गेले आणि छातीइतक्या गव्हात जाऊन उभे राहिले. हे वावर त्यांच्या आजोबांचं. अठराशे एकाहत्तरच्या बंडानंतर सरकारने हिसकावलं आणि फ्रान्सहून आलेल्या पहिल्या म्युलेरला देऊन टाकलं. तेव्हापासून या घराने त्याच मातीत मजुरी केली. बाबांनीही केली. आज कुणी "कोण रे तिकडे?" म्हणून ओरडलं नाही.

२७ जून

हरामखोर! म्युलेरच्या मुकादमाने जाता जाता कापणीच्या मशीनचे सगळे पट्टे काढून नेले. गहू उभा, वाळून कडक झालेला, आणि मशीन मुकं. दक्षिणेचा गरम वारा दोन दिवस जरी सुटला तरी दाणा मातीत. म्युलेर निघताना बूजमाला म्हणाला होता, "तुमच्याच्याने एक पोतंसुद्धा कोठारात यायचं नाही. हिवाळ्यात मलाच बोलवाल." बूजमा आमच्या कमिटीचा पुढारी. तुरुंगातून वसंतात सुटला, पाठ अजून सरळ होत नाही त्याची. तो म्हणतो, पोतं आलंच पाहिजे. पिकापेक्षा त्या बोलण्यासाठी आलं पाहिजे.

मलाही तसंच वाटतं. झोंबलंय ते.

२९ जून

तुइझा ठरली! बूजमाने डोंगरातल्या चारही गावांना निरोप पाठवले — या, विळे घेऊन या, मजुरी नाही, जेवण आहे. पूर्वी कुणाचं घर बांधायचं, कुणा विधवेचं शेत कापायचं, तर अशीच सगळी जमायची. पण म्युलेरच्या अवाढव्य शेतीसाठी? मावशी म्हणते, "एवढ्यांना खायला काय घालणार? कुत्रा?" तोंडाने असं म्हणत घरातला सगळा रवा कुसकुससाठी आणून ओतला तिनेच.

गंजलेले विळे बाहेर निघालेत. दिवसभर दगडावर घासल्याचा आवाज. गोड आवाज आहे.

१ जुलै

स्वातंत्र्य हवं का, यावर मत दिलं. हो! हो! हो!

तीनदा देता आलं असतं तर तीनदा दिलं असतं. मावशी डब्यात चिठ्ठी टाकून परत आत वाकून बघायला लागली — "नीट पडली ना गं?"

२ जुलै

कापणीला सुरुवात. पहाटे बघते तर डोंगरावरून माणसांची रांग उतरतेय, संपतच नाही! म्हातारे, बायका, नुकतीच कैदेच्या छावण्यांतून सुटलेली हाडकुळी माणसं. एका गावाने तर ताशेवाला आणि सनईवाला सोबत आणलाय. पुरुष ओळीने कापत पुढे, आम्ही मागे पेंढ्या बांधत. ताकाचे घडे फिरतात. कमरेचा काटा ढिला झाला आणि तरी आज मी इतकी गायले की आवाज बसला.

बाबांना सगळे म्हणाले, बसा सावलीत. ऐकतील तर! म्हणाले, "याच वावरात मी दुसऱ्यासाठी कापलं तेव्हा नाही कुणी सावलीत बसवलं."

५ जुलै

आज कापणी बंद. स्वातंत्र्य! देश आमचा! लिहून बघते — आमचा. आमचा.

झेंड्याला हिरवं कापड मिळेना, तर मावशीने आपला लग्नातला हिरवा अंगरखा फाडला. पांढरा भाग म्युलेरबाईच्या विसरलेल्या चादरीचा. लाल चंद्रकोर मी शिवली, जरा जाडच झाली. कोठाराच्या टोकावर लावला तेव्हा बायकांनी जीभ हलवत असा यू-यूचा गजर केला की कबुतरं उडाली ती संध्याकाळपर्यंत फिरकली नाहीत. बूजमा भाषण करायला उभा राहिला आणि "भावांनो" म्हणून रडायलाच लागला. तेवढंच भाषण. त्याहून चांगलं मी ऐकलेलं नाही.

मेझियान, तू असायला हवा होतास. पाच वर्षं झाली. दोन वर्षांपूर्वीपर्यंत निरोप येत होते. मग नाहीत. कुणी म्हणतं सीमेपलीकडे आहे, कुणी म्हणतं दवाखान्यात पाहिला. रोज माणसं परत येतायत. रोज कुणाच्या ना कुणाच्या अंगणात गजर होतो आणि मी धावत दारात जाते.

११ जुलै

सगळं कापून झालं! वारा सुटला तो काल, आणि तोवर पेंढ्या खळ्यावर! काय नाचलो! आता फक्त झऱ्याच्या वावराच्या मधोमध एक छोटा तुकडा उभा आहे, अंगणाएवढा. तिथे मात्र घोडं अडलं.

आमच्याकडे शेवटचा तुकडा मालकाने कापायचा. तो कापताना कापणारे मयताची प्रार्थना म्हणतात, कारण वावर मरतं, आणि मेलं की मगच पुन्हा उठतं. त्याशिवाय सरवा वेचायचा नाही, गुरं सोडायची नाहीत, नांगर घालायचा नाही. म्युलेरच्या काळात मजूर तो तुकडा तसाच सोडायचे. मग मशीन आलं आणि एका दमात सगळं उडवायला लागलं. मालक कोण, हे विचारायला थांबायलाच नको! बाबा म्हणतात, "नव्वद वर्षं या वावराला धड मरणसुद्धा नाही मिळालं."

आज सगळे गोल करून उभे राहिले. ताशा थांबला. बाबा विळा घेऊन पुढे झाले.

बूजमा म्हणाला, "तहारकाका, थांबा. ही जमीन आता देशाची आहे."

"बरं. मग देशाला सांग विळा घेऊन ये."

"चेष्टा नका करू. कापायला चार गावं आली. तुमच्या एकट्याचं कसं म्हणता?"

"माझ्या आजोबांच्या हाडांवर उगवलाय तो गहू!"

"हाडं सगळ्यांचीच आहेत काका! ज्या दगडाखाली बघाल तिथे आहेत!"

आवाज चढले. हातात विळे घेतलेली माणसं, आणि आवाज चढलेले! सहा दिवसांपूर्वी एकत्र रडलेली माणसं ही. म्युलेरने कुठून तरी बघितलं असतं तर काय खूश झाला असता!

मग बाबांनीच विळा खाली केला. म्हणाले, "बूजमा, माझा मेझियान कुणासाठी गेला डोंगरात?"

"देशासाठी."

"आणि मुलगा कुणाचा?"

"तुमचा."

"मग तो येऊन कापील. घराचाही तो आणि देशाचाही तो. कबूल?"

मग बूजमा पुढे झाला आणि त्याने बाबांच्या डोक्याचं चुंबन घेतलं. कबूल! गजर! मी तोंड पदरात लपवलं, नुसतं त्याचं नाव एवढ्या माणसांत उच्चारलं गेलं म्हणून.

२४ जुलै

मळणी संपली. खेचरं फिरवून, उफणून, पोती कोठारात. छताला टेकली! म्युलेरच्या चांगल्या सालापेक्षा कमी आहे, पण ते बूजमाला सोडून कुणी बोलत नाही. मावशी पोत्यांवर चढून बसली आणि वरून ओरडली, "एक पोतंसुद्धा नाही म्हणाला होता ना? मग मी काय हवेत बसलेय?"

३ ऑगस्ट

बाबा रोज त्या तुकड्यापाशी बसतात. रिकामा डबा काठीने बडवत पाखरं हाकलतात. आज मी डबा मागितला तर म्हणाले, "तुझं काम नाही ते. तू वाट बघ."

१९ ऑगस्ट

बायका कुरकुरायला लागल्या आहेत. सरवा पडून आहे, मुंग्या नेतायत. मला तोंडावर कुणी बोलत नाही. मावशी बोलली, ती बोलणारच — "वर्दिया, ओंब्या वाकल्या गं." मी म्हटलं, "वाकू देत." फटकून बोलले. मग तिनेच अंजिरं आणून दिली.

२ सप्टेंबर

आज कुणीही आलं नाही. आता माणसं येणंच कमी झालंय.

९ सप्टेंबर

लख्दर आला. मेझियानचा सोबती. पाय ओढत, घर विचारत आला. अंगणात शिरला आणि माझ्याकडे न बघता बाबांच्या हाताचं चुंबन घेतलं, तेव्हाच कळलं मला. कॉफी तरी केली. सांडली नाही.

साठच्या शरद ऋतूत. पलीकडच्या डोंगरात, नदी ओलांडताना. लख्दरने आपल्या हाताने पुरलं, कंबरेचा पट्टा सोडून आणला होता, तोही पुढे हरवला. "तो काही बोलला का?" बाबांनी विचारलं. लख्दर म्हणाला, "वेळच नव्हता मिळाला, बाबा." खोटं सांगितलं नाही त्याने. बरं केलं.

दोन वर्षं! मी दोन वर्षं दारात धावतेय!

संध्याकाळी गावातल्या बायका आल्या. हुतात्म्यासाठी रडायचं नसतं, गजर करायचा असतो. त्यांनी केला. मीही केला. घशातून काय निघालं, देव जाणे.

१२ सप्टेंबर

बाबांनी सांत्वनाला आलेल्यांचे हात हातात घेतले, प्रार्थना केली, सगळ्यांना जेवू घातलं. आणि आज पुन्हा डबा घेऊन वावरात! बूजमा मागोमाग गेला. हळू आवाजात म्हणाला, "काका, तुम्हीच कापा आता. कमिटीत कुणाचंही काही म्हणणं नाही. तुमचा हक्क."

बाबा म्हणाले, "मालक आल्याशिवाय नाही."

बूजमाने माझ्याकडे पाहिलं. म्हातारा भ्रमला, असं गावभर झालंय. मीही तेच समजले. रागावले त्यांच्यावर. मेला तो, बाबा, मेला — मनात किती वेळा ओरडले. आणि तरी तो तुकडा उभा आहे तोवर मीही संध्याकाळी रस्त्याकडे बघतेच. मग भ्रमलंय कोण?

१५ सप्टेंबर

नाही. पुरे झालं. अख्ख्या गावाची जमीन माझ्या रस्त्याकडे बघण्यासाठी अडून राहायची नाही. कापणाऱ्यांत बाई कधी उभी राहिलेली नाही, माहीत आहे मला. बघू कोण अडवतं.

१६ सप्टेंबर

मेझियानचा विळा घेऊन वावरात गेले. मागे मावशी, तिच्या मागे सगळ्या. बाबांनी मला पाहिलं, डबा खाली ठेवला आणि काठी न घेता उठून उभे राहिले. सुनेसाठी उठलेला सासरा या गावाने पाहिलेला नाही! म्हणाले, "किती उशीर केलास गं, मालकीण! लख्दर येऊन गेल्यापासून तुझीच वाट बघतोय."

मीच कापलं. शेवटची मूठसुद्धा. उद्या नांगर.