तिखटमिठाची बिस्किटं आणि पानिपतची नोकरी

आई, आज सकाळी मी तुझी तिखटमिठाची बिस्किटं केली. तू गेल्यापासून या घरात ती झाली नव्हती आणि बाबांनी कधी मागितलीही नाहीत. गाजर किसून, मीठ लावून, फडक्यात घट्ट पिळलं. मग मेथी, कोथिंबीर, ओवा आणि हिरवी मिरची घालून कणीक तुपात मळली. हात आपसूक चालत होते. बाबांना रुचणार नाही असं काही सांगायचं असलं की तू ही बिस्किटं करायचीस. मला दिल्लीतल्या मराठी शाळेतून काढून जवळच्या इंग्रजी शाळेत घालायचं बाबांनी ठरवलं आणि तुला ते नको होतं, तेव्हाही तू पिठाचा डबा घेऊन आपल्या फरीदाबादच्या गल्लीतल्या, बिस्किटं भाजून देणाऱ्या भट्टीवर गेली होतीस. रांगेत मी तुला विचारलं, ‘‘सरळ सांग ना. बिस्किटं कशाला?’’ तू म्हणालीस, ‘‘तोंड भरलेलं असलं की माणूस निदान पहिलं वाक्य पुरतं ऐकतो.’’

मला आज बाबांना सांगायचं होतं की मी स्पर्धा परीक्षेला पुन्हा बसणार नाही. पानिपतच्या एका शाळेत ग्रंथपाल म्हणून जाणार आहे. ज्या अधिकाऱ्यांसमोर ते नोकरीभर फायली घेऊन उभे राहिले, त्यांच्या खुर्चीत मी बसावं, एवढी एकच इच्छा त्यांनी तुझ्यानंतर बाळगली. ती मोडायची म्हणजे काय, हे तुला सांगायला नको.

भट्टीवाले चाचा पत्र्याच्या ट्रेमध्ये बिस्किटं मांडताना म्हणाले, ‘‘नमकीन? लड़केवाले आ रहे हैं क्या, बेटा?’’ मी मान हलवली. ती नाही अशी होती. त्यांनी हो धरली आणि ट्रे पुन्हा एकदा पुसून घेतला. माझं नेहमी असंच होतं.

मी घरी आले तेव्हा बाबा चहा घेऊन बसले होते. मी बशी पुढे सरकवली. त्यांनी एक बिस्कीट उचललं, नाकाशी नेलं आणि न खाता परत ठेवलं.

‘‘बोल.’’

‘‘आधी खा ना, बाबा.’’

‘‘तुझी आईही हेच म्हणायची. बोल आधी.’’

म्हणजे त्यांना पहिल्यापासून ठाऊक होतं, आई. पाठ केलेलं वाक्य माझ्या डोक्यातून पार पुसलं गेलं. जे उरलं ते तुटक तुटक बोलले: परीक्षा नाही, पानिपत, शाळा, सोमवारपासून. बाबांनी कप खाली ठेवला.

‘‘पानिपत,’’ ते म्हणाले. ‘‘वर्गात पहिली यायचीस. मराठी माणसं पानिपतला गेली की काय होतं, ते शिकवलं नाही वाटतं शाळेत.’’

‘‘शिकवलं, बाबा. पण आता शनिवारी परतीची गाडी असते.’’

ते हसले नाहीत. ‘‘आणि मी नाही म्हटलं तर?’’

‘‘तरी जाईन.’’

‘‘काय म्हणालीस? ऐकू आलं नाही.’’

त्यांना ऐकू आलं होतं. मी पुन्हा म्हटलं, आधीपेक्षा मोठ्याने, ‘‘तरी जाईन.’’ ते उठले, चपला घातल्या आणि बाहेर पडले. दार आपटलं नाही; आपटलं असतं तर बरं वाटलं असतं.

आता दुपार कलली आहे. बाबा अजून परतलेले नाहीत, फोन घरीच ठेवून गेले आहेत. जिन्यात पाऊल वाजलं की मी लिहिणं थांबवते. बॅग भरून झाली आहे. पुस्तकं जास्त आहेत, कपडे कमी. हे पत्र तुझ्या फोटोमागे ठेवणार नाही. बाबा तिथे रोज उदबत्ती लावतात, त्यांच्या हाती लागेल. आणि तूही एक गोष्ट वाचू नयेस असं वाटतं: दुसऱ्यांदा ‘जाईन’ म्हणाले, तेव्हा मला तुझी आठवण आली नव्हती.