सवड झाल्यास यावे

दि. ४ डिसेंबर

चि. धाकटीस,

आशीर्वाद. माझे गुडघे वयाला शोभेल असे वागत आहेत, बाकी ठीक.

आईच्या अखेरच्या दिवसांविषयी तुझ्या दादाने तुला लिहिले आहे की, सगळे अचानक झाले, पत्र पोहोचायला उशीर झाला आणि यात कोणाचाच दोष नाही. ही तिन्ही विधाने चुकीची आहेत. धाडण्यापूर्वी त्याने ते पत्र मला दाखविले होते. मी शुद्धलेखन तपासून परत दिले. मजकूर तसाच राहिला. नव्हे, मी तो तसाच राहू दिला.

कारखान्यातील अपघातांचे चौकशी-अहवाल मी एकतीस वर्षे लिहिले, हे तू जाणतेस. 'झडप उघडी राहिली', 'सूचना पोहोचली नाही'. माणसाचे नाव येऊ न देणे हे माझे कौशल्य मानले जाई. तुझी आई थट्टेने विचारी, "अहो, तुमच्या कारखान्यात माणसं आहेत की नुसत्या झडपा?"

घर सोडताना तूही दारात म्हणाली होतीस, "बाबा, तुम्ही कधीच काही करत नाही. तुमच्याकडे सगळं आपोआप होतं." त्यावर मी दार लावून घेतले. गेली नऊ वर्षे मी ते दार 'लागले' असे सांगत आलो.

दादाला तू विचारलेस की, आईने साधे 'ये' एवढेही का लिहिले नाही. ती असे लिहीलच कशी, असे मी उत्तर द्यावे, ही त्याची अपेक्षा. ते माझ्याने होणार नाही.

तिने लिहिले होते. घशाच्या आजाराने तिचा आवाज गेल्यावर तिच्यापाशी पाटी आणि कागद एवढेच उरले होते. कागदावर तीन ओळी होत्या: 'मला भीती वाटते. मला तू हवी आहेस. लगेच ये.' या घरातून विनवणी जाऊ नये, असे मला वाटले. मी लाल पेन्सिल घेतली आणि खाली लिहिले: 'प्रकृतीत थोडा बिघाड आहे. सवड झाल्यास यावे.' तिने ते वाचले आणि पाटीवर लिहून विचारले, "यात मी कुठे आहे?" मी म्हणालो, "असंच लिहितात." तिने मुकाट्याने नक्कल केली. तू ओळखलेस ते अक्षर तिचे होते. वाक्ये माझी होती.

डिसेंबरात सवड होईल, असे तू कळविलेस. जे विचारले गेले, त्याचे तू अचूक उत्तर दिलेस. स्वतःला दूषण देऊ नकोस.

मूळ कागद सोबत जोडला आहे. मसुदे जपून ठेवण्याची माझी सवय. लाल रेघा माझ्या आहेत. क्षमा मागत नाही. मागितली, तर देण्या-न देण्याचा भार पुन्हा तुझ्यावरच पडेल.

दादाच्या पत्रातील तारखा अशा दुरुस्त करून घे:

३ सप्टेंबर – डॉक्टरांनी आम्हां दोघांना सांगितले की, फार तर तीन महिने. (दादाने 'ऑक्टोबरअखेर' लिहिले आहे, त्याला मी तेव्हा सांगितले.)

९ सप्टेंबर – तुझ्या आईने तुला बोलाविले.

१० सप्टेंबर – मी तिचे शब्द खोडले.

२६ सप्टेंबर – मी पत्र पेटीत टाकले. तोवर ते माझ्या टेबलाच्या खणात होते. वाटेत ते कोठेही अडकले नाही.

१४ ऑक्टोबर – तुझे उत्तर आले. तिने ते दोनदा वाचले आणि पाटी पुसून ठेवली. त्यानंतर तिने काही लिहिले नाही.

१७ नोव्हेंबर – ती गेली. अचानक नव्हे.

४ डिसेंबर – हे मी लिहिले.

ज्याने दार लावले,
तो तुझा बाप