पडीक रानातलं हेलिकॉप्टर

आई, तुझ्या त्या हेलिकॉप्टरांचं अजून काही खरं नाही. तुला जाऊन इतकी वर्षं झाली, पण हे दुसऱ्या कुणाला सांगावं तर म्हणतील, म्हातारीला कशाला नसत्या चौकशा. माझ्या लेकीचा मुलगा हेलिकॉप्टरं दुरुस्त करायच्या कामाला आहे. आज सकाळी फोनवर रडकुंडीला आला होता. मशीन उन्हाळ्यापासून उभं, एक पार्ट परदेशातून यायचा. जगात ही यंत्रं बनवणारे मोठे कारखाने थोडके, त्यांच्या दारात ही रांग. आधी लष्करवाले, मग समुद्रातले तेलवाले, मग पैसेवाले. जुनं मशीन घेऊन बसलेल्यानं नुसती वाट बघायची. "आजी, गिऱ्हाइकाला रोज उद्या म्हणून सांगतोय," म्हणाला. मी कपाळावर हात मारून घेतला. अगं, हे सगळं मी आपल्या चुलीपुढं बसून ऐकलंय.

बहात्तरचा दुष्काळ सरून दोन-तीन वर्षं झाली होती. माझं लग्न ठरत होतं. दादा पलटणीत, नवरा घरी नाही म्हणून रान तूच बघायचीस. त्या साली उसावर पाकोळी, ती रस शोषणारी उडती कीड, पडली. पानं चिकट झाली, वर काजळीसारखी बुरशी. लोकांनी औषध मारायचे हातपंप माळ्यावरून खाली काढले, तेवढ्यात साखर कारखान्यानं सांगितलं की हेलिकॉप्टरनं फवारणी करणार. झालं, तू घरोघर फिरलीस. "एकट्यानं मारून काय हुतंय? पाकोळी ह्याच्या रानातनं उडून त्याच्या रानात. समद्यांवर एकदम वरनं पडू द्या." बोलणं काही चुकीचं नव्हतं, म्हणून तर साऱ्या वाडीनं पंप परत माळ्यावर टाकले. वरून रान दिसावं म्हणून बांबूला पांढरं फडकं बांधायचं होतं. तू दादांचं धडकं धोतर टराटरा फाडलंस. मला तेव्हाच राग आला होता.

हेलिकॉप्टर आपल्याच पडीक रानात उतरलं. एक सकाळ नदीकडच्या रानांवर उडलं आणि दुसऱ्या दिवशी त्याचा मेस्त्री मान हलवत आपल्या दारात. शेपटाकडच्या पंख्याचं बेअरिंग गेलं. मेस्त्री हवाई दलातून निवृत्त झालेला, सांगलीचा. तू भाकरी थापतेयस आणि तो पाटावर बसून सांगतोय.

"मावशी, यंत्र एका देशाचं, इंजिन दुसऱ्या देशाचं. पार्ट मागवायला परवानगी दिल्लीची."

"सांगलीच्या लेथवर करून घ्या की."

"बसेल हो. पण वर गेल्यावर सुटलं तर? कंपनीच्या शिक्क्याशिवाय लावलं तर लायसन जाईल माझं. आणि त्यांना आपली काय पडलीय? सगळीकडं समुद्रात तेल शोधायचं चाललंय. आधी पार्ट त्यांना."

तू तव्यावरची भाकरी उलटलीस. "म्हंजे आमी पंगतीत श्यावटाला. वाढपी येस्तवर पातेलं रिकामं."

मग सुरू झाली थट्टा. आटपाडीची आत्या हेलिकॉप्टर उडताना बघायला एसटीनं आली आणि उभं बघून परत गेली. शेजारचे तात्या रोज बांधावरून विचारायचे, "आवं वैनी, तुमची कोंबडी खुडूक बसली व्हय?" तू हसायचीस, पण रात्री जेवायची नाहीस. ऊस डोळ्यांदेखत पिवळा पडत होता, आणि लोक थांबले होते ते तुझ्या शब्दावर.

एके दिवशी तू देवळापुढं जाऊन उभी राहिलीस. सगळी बाप्यामाणसं बसलेली. डोक्यावरचा पदरही नीट केला नाहीस. "माजं चुकलं. थांबा म्हनले, ती मी म्हनले. आता ते उडत न्हाई. पंपाचं औषध गावात मिळंना झालंय, तवा उद्यापासनं खालचा पाला काढून जाळायचा, अंडी त्यावरच हायती. ज्याचं रान लय गेलंय त्याचं आदी. आमचं श्यावटी."

तात्या पुटपुटले, "बाई वाघाची हाय."

मला सांग, "आमचं शेवटी" हे म्हणायची काय गरज होती? वाडीचा ऊस बराचसा वाचला. पाल्यानं हात चिरून घेत आपण आपल्या रानाशी पोचेपर्यंत आपला निम्मा वाळून गेला होता. आणि त्यातही रोज मेस्त्रीला भाकरी. मी एकदा फणकारले, तर म्हणालीस, "यंत्र मोडलं म्हनून मानसाला भूक लागत न्हाई व्हय?" बेअरिंग आलं तेव्हा ऊसतोड लागली होती. हेलिकॉप्टर उडून गेलं, तू हात केलास. मी केला नाही.

एवढी वर्षं मी हेच धरून बसले की तू नको तिथं शहाणी आणि नको तिथं भोळी होतीस. आज नातू विचारत होता, "आजी, काय सांगू त्यांना? चुकलो म्हणू?" तुझं देवळापुढचं बोलणं ओठांवर आलं होतं गं. पण त्याची नोकरी नवी. मी म्हणाले, अजून चार दिवस कळ काढ, उद्याच म्हणत राहा.

हे पत्र तुला पोचायचं नाही. ‘चुकलो म्हण’ सांगायला फोन त्याला करायचाय, आणि दुपारपासून मी तुलाच लिहीत बसलेय.