पन्नाशेठनी शोधलेले गुरूचे चंद्र

मु. सोनगीर, ता. ९ मार्च १९८६

तीर्थरूप नानामामांच्या पायांशी भाचा अभिमनचा दंडवत. तुमचा गुडघा आणि मामींचा दमा कसा आहे ते कळवा. तुम्ही निवृत्त झाल्यापासून भुसावळच्या गाड्या वेळेवर सुटतात असे ऐकतो (राग नसावा). इकडे सर्व खुशाल, एक माझी अब्रू सोडून. मास्तरकीत डोक्याला ताप नसतो असे सांगून तुम्हीच मला सोनगीरपासून दोन कोसांवरच्या या शाळेत धाडले, त्याचे आभार मानावेत म्हणून हे पत्र.

यंदा धूमकेतू आला, म्हणून शाळेत थोर खगोलशास्त्रज्ञांच्या तसबिरी लावाव्यात अशी दुर्बुद्धी मला सुचली. आर्यभट, कोपर्निकस, केपलर, गॅलिलिओ आणि ज्याच्या नावाचा हा धूमकेतू तो हॅले, अशी पाच मंडळी ठरली. आता आमच्या शाळेत कुठलीही वस्तू कोणाच्या तरी स्मरणार्थच येते. (पंख्याच्या पात्यांवरही एका आजोबांचे नाव आहे. फिरवला की ते वाचता येत नाही, म्हणून पंखा बंद असतो.) तसबिरीही त्याच वाटेने आल्या. गॅलिलिओ दिला संस्थेचे अध्यक्ष बन्सीलालशेठ यांनी, आपले वडील कै. पन्नालालशेठ यांच्या स्मरणार्थ. भटू पेंटरने वर लिहिले, 'गुरूचे चार चंद्र शोधले, पृथ्वी सूर्याभोवती फिरते या मताची बाजू घेतली', आणि खाली वीतभर अक्षरांत पन्नालालशेठ. गॅलिलिओचे नाव मधे कुठेतरी, औषधाच्या बाटलीवरच्या सूचनेएवढे.

उद्घाटनाला शेठजींच्या मातोश्री धापूबाई आल्या. पडदा सरला, आणि नवऱ्याच्या नावावर परका दाढीवाला बसलेला पाहून बिचारीने पदर नाकापर्यंत ओढला व हार तसाच घरी परत नेला. तिसऱ्या दिवशी शेठजींच्या हुकमाने भटूने दाढी पुसून गॅलिलिओला पगडी चढवली. मी जाब विचारला तर म्हणतो, "सर, तुमना गॅलिलिओ कोनी देखा शे? पन्नाशेठले ते बठ्ठा गाव वळखस." पन्नाशेठना सारा गाव ओळखतो, हे खरेच. हातातली दुर्बीण तेवढी तशीच राहिली, पण लोकांना ती कापड मोजायचा गज वाटते.

गेल्या मंगळवारी तपासणीचे साहेब आले. गुरूचे चंद्र कोणी शोधले, असे त्यांनी सातवीला विचारले. एका मुलीने उभे राहून खणखणीत आवाजात सांगितले, कैलासवासी पन्नालालशेठ. साहेबांनी मला विचारले, विज्ञान शिक्षक म्हणून तुमचे काय मत? शेजारी शेठजी उभे, आणि मला नोकरीत कायम करण्याचा ठराव त्यांच्या सहीसाठी पडलेला. गॅलिलिओने निदान सत्तरीच्या घरात, धर्मपीठापुढे, तुरुंगाच्या धाकाने मत मागे घेतले होते. मी अठ्ठाविसाव्या वर्षी चहा आणि शेवेच्या बशीपुढे मान डोलावली. नाना, मला फार लाज वाटली. दुसऱ्या दिवशी वर्गाचे दार लावून मी त्या मुलीला खरे नाव सांगितले. तिने विचारले, मग परीक्षेत काय लिहू? मी म्हणालो, तसबिरीवर मोठ्या अक्षरांत आहे ते. साहेबांचा शेरा असा पडला आहे: 'स्थानिक शास्त्रज्ञांची ओळख करून देण्याचा उपक्रम स्तुत्य.'

तेव्हा या शाळेत मला आता एक दिवसही राहायचे नाही. राजीनामा लिहून ठेवला आहे. तुमच्याकडे कुठे काही जमते का, ते लगेच पाहावे.

आपला आज्ञाधारक (हे आता सिद्धच झाले आहे) भाचा,
अभिमन

ता. क. पाकीट चिकटवताना शिपाई कायम केल्याचा आदेश घेऊन आला. राजीनाम्याची मागची बाजू कोरी होती, तिच्यावर चाचणीचे प्रश्न काढले आहेत. तुमची खटपट तूर्त नको.

आणखी एक ता. क. खरे काम राहिलेच. आर्यभटाला अजून दाता मिळालेला नाही. तुमच्या वडिलांचा, म्हणजे माझ्या आजोबांचा, जो एकुलता फोटो तुमच्याकडे आहे तो पाठवावा. ते जन्मभर अंगठा करत आले, पण पहाटे मोट धरायची वेळ शुक्राकडे पाहून सांगत, आणि मला पहिला तारा त्यांच्या खांद्यावर बसूनच दिसला. त्यांचे नाव एकदा तरी कुठे लिहिलेले मला पाहायचे आहे. भटूशी बोललो आहे. अक्षर पन्नाशेठपेक्षा दोन बोटे मोठे काढणार आहे. आर्यभटाचे नाव जागा उरली तर येईल.