विष्णुपुरीची भिंत

१६ सप्टेंबर, नांदेड. संध्याकाळ

वाचलो. उद्याचं मुक्तिदिनाचं लातूरचं भाषण आज घरातच अडलं, हे फार बरं झालं.

विषय कालविपर्यास. ग्रीकमध्ये ‘ॲना’ म्हणजे उलट, ‘क्रोनोस’ म्हणजे काळ, त्यावरून ॲनाक्रोनिझम. एका काळाची गोष्ट दुसऱ्या काळात घुसवणं. आजची भांडणं निजामाच्या काळातल्या माणसांच्या तोंडी घालणाऱ्यांना उद्या सोडणार नव्हतो. अजूनही सोडणार नाही.

नेहमीप्रमाणे बायकोला भाषण म्हणून दाखवलं. ती मेथी निवडत होती. "रझाकारांना चुकवत ते तरुण विष्णुपुरीच्या धरणाच्या भिंतीवरून गोदावरीपार गेले," इथं मी आवाज चढवला.

"अहो, तवा धरण कुठून आणलं?"

"म्हणजे?"

"आपल्या लग्नात तरी होतं का? तुमचं वऱ्हाड नावेतून आलं. नावेचा काठ गच्च धरून बसला होता तुम्ही. माझे भाऊ अजून हसतेत."

ती भिंत! भाषणातलं माझं सगळ्यात लाडकं वाक्य. ज्या नदीत मी स्वतः जीव मुठीत धरून बसलो होतो, तिच्यावर निजामाच्या काळात धरण बांधून मोकळा झालो. रोज दिसणारी गोष्ट कायमचीच होती असं वाटू लागतं का? मग इतरांचंही तसंच होत असेल? माझा राग थोडा उतरला. थोडाच.

भिंत काढली, तरुणांना नावेत बसवलं. उद्या सुरुवात माझ्या या चुकीपासूनच करणार. वऱ्हाडाचंही सांगेन.

काठ धरल्याचं मात्र नाही. तिचे भाऊ लातुरातच राहतात.